पहिली फीचर हाती घेण्याआधी: नव्या डीओपींसाठी (म्हणजे सिनेमाच्या मुख्य छायाचित्रकारांसाठी), दिवसांच्या हिशोबासकट

माझ्या पहिल्या मराठी फीचरच्या, म्हणजे पूर्ण लांबीच्या सिनेमाच्या, बैठकीत निर्मात्यांनी विचारलं, "मॅडम, कॅमेरा कुठला घ्यायचा?" मी पंधरा मिनिटं बोलले. सेन्सर, डायनॅमिक रेंज, लेन्सचा स्वभाव, काही सोडलं नाही. सगळ्यांनी माना डोलावल्या. शूट किती दिवसांचं आहे, हे मात्र मी विचारलंच नाही. ते निघाले एकोणीस. पटकथेत बहात्तर सीन, त्यातले सव्वीस रात्रीचे, आणि मुक्कामाच्या लॉजपासून गाव दीड तासावर. चौथ्या दिवशी संध्याकाळी सूर्य डोंगराआड गेला आणि आमचे दोन सीन तसेच राहिले, तेव्हा माझा तो महागडा सेन्सर काही कामाला आला नाही.

कमी पैशांच्या सिनेमात कॅमेरा कसाही मिळतो. ओळखीने मिळतो, उधारीवर मिळतो. दिवस मिळत नाहीत. पुढचं सगळं याच हिशोबाने लिहिलंय.

१. शिकायचं कुठे

घरच्यांना सांगायला कोर्सचं नाव लागतं, म्हणून आधी ते. पुण्यातली एफटीआयआय (फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट ऑफ इंडिया), म्हणजे लॉ कॉलेज रोडवरच्या जुन्या प्रभात स्टुडिओच्या जागेत १९६० साली सुरू झालेली संस्था, आणि कोलकात्याची सत्यजित राय संस्था (१९९५) या दोन सरकारी संस्थांत छायांकनाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे. पदवी कुठल्याही शाखेची चालते, प्रवेशपरीक्षा द्यावी लागते, आणि जागा थोड्या असल्याने पहिल्या फटक्यात न लागणारे खूप असतात. मी दोनदा दिली, दोन्ही वेळा राहिले. खासगी संस्थाही आहेत. त्यांची फी भरण्याआधी एवढंच विचारा, की तीन वर्षांत विद्यार्थ्याच्या स्वतःच्या हातात कॅमेरा आणि लाइट किती दिवस येतात. गोलमोल उत्तर मिळालं तर तेही उत्तरच समजा.

मी बार्शीत लग्नं शूट करत वाढले. त्याची लाज बाळगू नका. मंगलाष्टकं संपतात, अक्षता पडतात, आणि तो क्षण परत घेता येत नाही. हॉलमध्ये एकीकडे पिवळा हॅलोजन, दुसरीकडे निळी ट्यूबलाइट, मध्ये उभी नवरी, आणि तिला सुंदर दाखवायचंय. हे प्रशिक्षण फुकट मिळतं, वर जेवणही मिळतं. फक्त लग्नातली एक सवय सोडावी लागते: सतत हलणारा कॅमेरा. गिंबल (चालतानाही कॅमेरा स्थिर ठेवणारी दांडी) हातात आला की माणूस घराभोवती प्रदक्षिणा घालायला लागतो.

पुण्यात असाल तर राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयातले खेळ चुकवू नका. मुंबईत प्रभात चित्र मंडळ १९६८ पासून सिनेमे दाखवतंय. जुने कृष्णधवल सिनेमे आवाज बंद करून बघा आणि प्रत्येक चौकटीत उजेड कुठून येतोय ते वहीत काढा. मी आजही काढते.

२. असिस्टंट व्हा, पण कुणाचे ते बघून

सेटवरची उतरंड आधी समजून घ्या. कॅमेऱ्यासोबत भाड्याच्या दुकानातून जे दादा येतात ते कॅमेरा अटेंडंट. लाइटसोबत लाइटमन येतात, त्यांचा प्रमुख गाफर. मग शॉट चालू असताना फोकस सांभाळणारे फोकस पुलर, डेटा सांभाळणारे डीआयटी, आणि डीओपीचे असिस्टंट. कागदावर अटेंडंट सगळ्यात खाली असतो. प्रत्यक्षात एखाद्या अटेंडंटने शंभर डीओपींच्या चुका जवळून पाहिलेल्या असतात. त्यांच्याशी नीट वागा. कुठली लेन्स पावसात धुरकट होते, कुठल्या डीओपीचं युनिट वेळेवर जेवतं, सगळं तिथे कळतं.

सेटची भाषा कुठल्याच कोर्सात नसते. थर्माकोल म्हणजे उजेड परतवायची पांढरी शीट, कटर म्हणजे उजेड अडवणारा काळा कापडी पडदा, गेटवे म्हणजे लाइटसमोर लावायचा ट्रेसिंग पेपर. "दादा, कटर द्या" असं म्हणता आलं की निम्मं युनिट तुमच्या बाजूला.

असिस्टंट म्हणून जाल तर निदान एका अशा डीओपीकडे जा जो कमी दिवसांच्या सिनेमांवर काम करतो. मोठ्या जाहिरातीत एका शॉटला सहा तास मिळतात. तिथे उजेडाची नजर तयार होते, घाईत निवड करायची सवय लागत नाही. मी दोन्हीकडे मिळून तीन वर्षं काढली. कमी दिवसांच्या सिनेमांवरचे दहा महिनेच असतील, पण पुढे पुरले ते तेच.

संघटनेचं कार्ड हा प्रश्न सगळ्यांना पडतो. मुंबईत छायाचित्रकारांची संघटना म्हणजे वेस्टर्न इंडिया सिनेमॅटोग्राफर्स असोसिएशन. मोठ्या निर्मितीच्या सेटवर कार्ड विचारलं जातं, छोट्या इंडी, म्हणजे स्वतंत्र निर्मितीच्या, युनिटमध्ये बहुतेकदा नाही. पहिल्या दिवसापासून त्यासाठी अडून बसू नका, पण केलेल्या प्रत्येक कामाचं पत्र आणि श्रेयनामावलीचा फोटो जपून ठेवा, सभासद होताना केलेलं काम दाखवावं लागतं. मुलींसाठी आणखी एक: २०१७ पासून इंडियन विमेन सिनेमॅटोग्राफर्स कलेक्टिव्ह आहे. "बाईला कॅमेरा उचलेल का?" हा प्रश्न ऐकून दमलात की तिथे बोलायला माणसं आहेत. (कॅमेरा उचलतोय कोण? त्यासाठी खांदे आणि ट्रायपॉड आहेत.)

३. कॅमेरा विकत घेऊ नका

हप्त्यांवर कॅमेरा घेतलेले माझे निदान चार मित्र आहेत. हप्ता फेडायला ते वर्षभर कॉर्पोरेट व्हिडिओ करतात आणि सिनेमा आला की म्हणतात, तारखा नाहीत. शिवाय निर्माता कॅमेऱ्यासकट तुम्हाला एकाच भावात धरतो: "तुमचाच आहे ना कॅमेरा, मग भाडं कशाला?" पुढे कधी घेतलातच, तर त्याचं भाडं मानधनापासून वेगळं, वेगळ्या बिलावर.

त्याऐवजी हे घ्या. सगळं मिळून एका लेन्सपेक्षा स्वस्त पडतं:

- उजेड मोजणारा लाइट मीटर, जुना चालेल. मोबाइलमधला अंदाजापुरता.
- होकायंत्र आणि सूर्याचा मार्ग दाखवणारं ॲप.
- मोजपट्टी, पाच मीटरची. खोली लेन्सला पुरेल का, हे नजरेने कळत नाही.
- काळा पोस्टर पेपर, बटर पेपर, कपड्यांचे चिमटे, काळी चिकटपट्टी.
- टॉर्च, टोपी, रेनकोट, आणि पायात बंद बूट. लाइटच्या स्टँडखाली चप्पल घालून फिरणाऱ्यांची बोटं मी पाहिली आहेत.
- वही.

४. शोरील: दीड मिनिट, त्यात चेहरे

शोरील म्हणजे तुमच्या कामाच्या निवडक दृश्यांचा छोटा व्हिडिओ. ड्रोनने घेतलेला समुद्र कुणाच्याही शोरीलमध्ये असतो. दिग्दर्शकाला बघायचं असतं, की साध्या खोलीत बसलेल्या माणसाचा चेहरा तुम्ही कसा दाखवता. माझ्या शोरीलमध्ये एक पूर्ण सीन आहे, चाळीस सेकंदांचा, स्वयंपाकघरात भाकरी थापणाऱ्या बाईचा, एका खिडकीच्या उजेडात. काम मिळालं ते त्या सीनमुळे.

सापळा एकच. फिल्मचे हक्क निर्मात्याकडे असतात. तुम्ही शूट केलेली दृश्यं शोरीलमध्ये वापरायची परवानगी करारात लिहून घ्या, नाहीतर सिनेमा दोन वर्षं अडकला की तुमचं कामही त्याच्याबरोबर कपाटात.

५. पटकथा आली की आधी दिवस मोजा

पहिलं वाचन गोष्टीसाठी. दुसऱ्या वाचनात चार रंगांच्या पेन्सिली घ्या: दिवस-बाहेर, दिवस-आत, रात्र-बाहेर, रात्र-आत. रात्र-बाहेर सगळ्यात महाग. लाइट, जनरेटर, आणि दुसऱ्या दिवशी झोपेसाठी गेलेला अर्धा दिवस. माझ्या रात्रीच्या सव्वीस सीनपैकी अकरा संध्याकाळी किंवा घरात नेता आले असते. मी विचारलं असतं तर दिग्दर्शकाने आनंदाने नेले असते.

मग उजेडाचा हिशोब. डिसेंबरात आपल्याकडे दिवस जेमतेम अकरा तासांचा, जूनमध्ये तेरा तासांचा. पण डिसेंबरातला सूर्य दुपारीही तिरका असतो, त्यामुळे जवळजवळ दिवसभर शूट करता येतं. मे महिन्यात उलट. पुण्यात मेच्या मध्यावर शून्य सावलीचा दिवस येतो: साडेबाराच्या सुमारास सूर्य बरोबर डोक्यावर, उभ्या काठीची सावली नाहीशी. त्या आठवड्यात भर दुपारी उघड्यावर चेहरा शूट केलात तर डोळ्यांच्या जागी दोन खड्डे दिसतील. तेव्हा मेचं वेळापत्रक असं लावा: सकाळी सहा ते साडेनऊ बाहेर, दुपारी घरातले सीन, चारनंतर पुन्हा बाहेर. सूर्य मावळल्यावरचा निळा उजेड आपल्या अक्षांशावर वीस-पंचवीस मिनिटं टिकतो. त्यात एक सीन होतो. दोन लिहिले असतील तर एक दुसऱ्या दिवशीचा आहे, हे आधीच सांगून टाका.

शॉटची संख्याही इथेच ठरते. 'कोर्ट' हा सिनेमा (२०१४, छायांकन मृणाल देसाई) आठवा: लांबून घेतलेल्या, स्थिर चौकटी. त्यामागची दृष्टी दिग्दर्शकाची आहेच. पण व्यवहार म्हणून बघा: कॅमेरा एकदा लावला की उरलेला सगळा वेळ नटांचा. एका सीनला आठ शॉट लावले की दिवस लाइट हलवण्यात जातो. म्हणून प्रत्येक सीनपुढे एक आकडा लिहायचा, कमीत कमी किती शॉटमध्ये हा सीन उभा राहील. जास्तीचे मिळाले तर बोनस.

६. रेकी: दोनदा, आणि शूटच्याच वेळी

रेकी म्हणजे शूटच्या जागेची आधीची पाहणी. पहिली रेकी जागा आवडण्यासाठी, दुसरी जागेचे दोष शोधण्यासाठी. सीन सकाळचा असेल तर जागेवर सकाळीच जा. आम्ही एकदा दुपारी तीनला वाडा पसंत केला, शूटला सकाळी सातला पोहोचलो, तर अंगणात समोरच्या तीन मजली इमारतीची सावली, ती हटली सव्वादहाला.

रेकीत हे विचाराच:

वीज कशी आहे? जुन्या घरातल्या सहा अँपिअरच्या सॉकेटवर २३० व्होल्टने साधारण १३८० वॉट मिळतात. सहाशे वॉटचे दोन एलईडी लाइट प्रत्यक्षात त्याहून जास्त ओढतात. एकदा फ्यूज उडाला की घरमालक सगळंच बंद करायला सांगतो. थेट मीटरपासून वायर घ्यायची असेल तर इलेक्ट्रिशियनला बोलवा, गाफरच्या धाडसावर सोडू नका. गावात रात्री वीज जाण्याची वेळ ठरलेली असते, ती चहाच्या टपरीवर अचूक कळते.

आवाज? तुमचं खातं नाही, पण शेजारी पिठाची गिरणी असेल तर साउंडवाल्यासाठी तुम्हाला दहा वेळा थांबावं लागेल. म्हणजे दिवस पुन्हा तुमचेच गेले.

पाऊस? कोकणातला पाऊस पडद्यावर फार देखणा दिसतो. पण खराखुरा पाऊस कॅमेऱ्याला दिसण्यासाठी मागून उजेड लागतो. समोरून लाइट मारलात तर मुसळधारही दिसत नाही. आणि सीनच्या दुसऱ्या शॉटला तो थांबलेला असतो.

संडास? हे लिहायला मला लाज वाटत नाही. युनिटमध्ये सहा बायका होत्या आणि माळरानावर एक झाड होतं. तेव्हापासून माझ्या रेकीच्या यादीत हा मुद्दा लेन्सच्या वर आहे.

परवानग्या निर्मिती विभागाने काढायच्या असतात, पण कागद तुम्ही डोळ्यांनी बघा. महाराष्ट्रात सरकारी जागांसाठी सांस्कृतिक विकास महामंडळाची एक खिडकी योजना आहे, गोव्यात एंटरटेनमेंट सोसायटी ऑफ गोवा. संरक्षित किल्ले आणि लेणी यांच्यासाठी पुरातत्त्व खात्याची परवानगी वेगळी लागते. खासगी घर असेल तर मालकाचं सहीचं पत्र, तेही सगळ्या भावांचं. एका भावाने दिलेला वाडा दुसऱ्या भावाने दुपारी बंद केल्याचं मी पाहिलंय. ड्रोन असेल तर डिजिटल स्काय या सरकारी पोर्टलच्या नकाशावर तो भाग हिरवा, म्हणजे उडवायला मोकळा, आहे का ते पाहा, आणि परवाना असलेलाच पायलट घ्या.

७. पैसे

नव्यांना मानधनाचा आकडा एकगठ्ठा सांगितला जातो. समजा, दोन लाख. ऐकायला बरं वाटतं. आता मोजा: २२ दिवस शूट, १० दिवस रेकी, बैठका आणि कॅमेरा टेस्ट, ५ दिवस ग्रेडिंग (शूटनंतर चित्राचे रंग आणि उजेड जुळवणं). झाले ३७ दिवस. दिवसाला ५,४०० रुपये. हा आकडा वाईट की चांगला, ते तुमचं तुम्ही ठरवा. गोष्ट आवडली म्हणून मी याहून कमीत केलंय आणि पस्तावले नाही. पण मोजून केलं.

"पैसे नाहीत, पण एक्सपोजर मिळेल" म्हणणारे भेटतीलच. एक्सपोजर मी कॅमेऱ्याला देते, मला मानधन लागतं. "सिनेमा विकला गेला की देऊ" हेही तसंच. थोडा भाग असा ठेवायला हरकत नाही, पण प्रवास, राहणं, जेवण आणि तुमच्या असिस्टंटचे पैसे त्यात कधीच अडकवू नका. पहिल्या सिनेमात माझा शेवटचा हप्ता अजून यायचा आहे. निर्माते लग्नाच्या पत्रिका मात्र न चुकता पाठवतात.

करारात या गोष्टी हव्यात:

- शूटचे दिवस, आणि ते वाढले तर दिवसाचा दर.
- रोजचे तास बारा, आणि पॅकअपपासून पुढच्या कॉल टाइमपर्यंत (सेटवर हजर व्हायच्या वेळेपर्यंत) किमान विश्रांती.
- हप्ते: सही होताना, शूट सुरू होण्याआधी, शूटच्या मध्यावर, आणि शेवटचा ग्रेडिंग संपण्याच्या आधी. नंतरचा हप्ता म्हणजे आठवण.
- ग्रेडिंगला तुमची उपस्थिती, दिवसांसकट, सशुल्क.
- श्रेय कुठल्या शब्दांत, पडद्यावर आणि पोस्टरवर.
- उपकरणांचा विमा कुणी काढायचा.
- शोरीलची परवानगी.

तुमच्याकडून पॅन, आधार, बँकेचा रद्द केलेला चेक आणि बिल लागेल. मानधनातून टीडीएस कापला जातो, बहुतेकदा १० टक्के. तो खरंच तुमच्या नावावर जमा झालाय का, हे प्राप्तिकराच्या पोर्टलवर बघा. उत्पन्न कमी असेल तर विवरणपत्र भरून परत मिळतो. वर्षाची कमाई २० लाखांपुढे गेली तर जीएसटी नोंदणी. ती चिंता आली तर पेढे वाटा.

८. कॅमेरा टेस्टचा एक दिवस भांडून मिळवा

भाड्याच्या दुकानात जाऊन प्रत्येक लेन्स लावून बघा, फोकसच्या खुणा बरोबर आहेत का, सेन्सरवर डाग आहे का, कार्डं कोरी आहेत का. मग सगळं टेबलावर मांडून मोबाइलने फोटो काढा. एकदा मॅटबॉक्सच्या (लेन्सपुढे उजेड अडवायला लावतात त्या चौकटीच्या) आधीच तडकलेल्या झडपेचे पैसे माझ्याकडून वसूल झाले, कारण फोटो नव्हता.

आणि लुकलुकणं तपासा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, सिनेमा सेकंदाला २४ फ्रेमचा. नेहमीच्या सवयीने शटर, म्हणजे एका फ्रेमवर उजेड पडायचा वेळ, १८० अंशांवर ठेवलंत तर जुन्या ट्यूबलाइट आणि स्वस्त एलईडी बल्बखाली चित्र हलकेच थरथरतं. छोट्या मॉनिटरवर दिसत नाही, मोठ्या पडद्यावर दिसतं. शटर १७२.८ अंशांवर, म्हणजे १/५० सेकंदावर आणा, बहुतेक वेळा प्रश्न सुटतो. जिल्हा परिषदेच्या शाळेतला एक अख्खा सीन मी असा घालवलाय. २५ फ्रेमवर शूट करून पळवाट काढू नका. सिनेमागृहासाठी २४ हाच सुरक्षित रस्ता.

९. सेटवर

फोकस पुलरवर पैसे वाचवू नका. बाकी सगळं ग्रेडिंगमध्ये थोडंफार सावरता येतं, फोकस नाही.

डेटाचं गणित आधी करा. सोनी एफएक्स३ सारख्या कॅमेऱ्यावर ४के, सेकंदाला २४० मेगाबिटने शूट केलंत तर तासाला १०८ जीबी. रोज दोन तासांचं चित्रण धरलं तर २० दिवसांत ४.३ टीबी, आणि तीन प्रतींचे १३ टीबी. तीन प्रती म्हणजे तीन वेगळ्या डिस्क, त्यातली एक वेगळ्या गाडीतून जाणारी. डीआयटीने "झालं" म्हटल्याशिवाय कार्ड फॉरमॅट होत नाही. घाईत असिस्टंट डायरेक्टर ओरडला तरी नाही.

दिग्दर्शकाला सेटवर सगळ्यांसमोर "हे होणार नाही" म्हणू नका. बाजूला घ्या आणि दोन पर्याय सांगा: "हा शॉट केला तर संध्याकाळचा जातो. कुठला ठेवायचा?" तो ठेवेल तो बरोबर.

१०. ग्रेडिंग आणि पडदा

दीड तासाच्या सिनेमाला पाच ते आठ दिवस लागतात. त्यातला पहिला दिवस फक्त सगळे सीन एकमेकांशी जुळवण्यात जातो, घाबरू नका. रात्रीचे सीन घरच्या लॅपटॉपवर बघून "अजून उजळ करा" म्हणणाऱ्यांना ग्रेडिंगच्या खोलीत बोलवा.

डीसीपी (सिनेमागृहात दाखवायची डिजिटल प्रत) तयार झाला की तो खऱ्या सिनेमागृहात एकदा बघाच. इंग्रजी सबटायटल अंधाऱ्या चौकटीत पांढरीफेक चमकतात आणि तुम्ही जीव लावून केलेला काळोख विटतो. ती थोडी करडी करून घ्या. महोत्सवात, मग ते पुणे असो की गोवा, खेळाच्या तासभर आधी पोहोचा. प्रोजेक्शनच्या खोलीतल्या दादांना आधी चहा विचारा, मग पडद्याच्या उजेडाबद्दल.